मार्ता आजीला म्हातारी चालत नाही

तीर्थस्वरूप देस्पिनाताईस,

धाकट्या वेलिकाचा वाकून नमस्कार. गुडघा कसा आहे? भावजींचा खोकला थांबला का? सोबत मधाची बरणी पाठवली आहे, ती कुठून आली ते पुढे येईलच. इकडे मी मजेत आहे, कशाची गरज नाही. गावभर माझ्या नावाने खडे फोडणं चाललंय, तेवढं सोडलं तर.

तू शहरात कॅलेंडरच्या आकड्यांवर जगतेस, म्हणून आठवण करून देते. आपल्या गावात महिने अजून माणसांसारखेच येतात-जातात. जानेवारी म्हणजे थोरला सेच्को, फेब्रुवारी म्हणजे धाकटा सेच्को. दोघे भाऊ पिऊन तर्र होतात, बहिणीच्या वाटणीची वाइनही संपवतात, आणि मग ती बहीण, मार्ता आजी, संतापते. मार्चचं हवामान लहरी ते त्यामुळे. (बारा महिन्यांत बाई ती एकटीच, तेव्हा सगळं खापर तिच्यावर फुटतं यात मला नवल वाटत नाही.) या मार्ता आजीला एक तारखेच्या पहाटे म्हाताऱ्या दिसलेल्या खपत नाहीत. तरुण पोरींनी अंगणात जाऊन तिला खूश करायला लाल कापड टांगायचं आणि म्हाताऱ्यांनी पडद्याआड बसायचं. पण आता गावात तरुण पोरी आणायच्या कुठून? एक पोस्टातली, ती बसने येते ते ऊन वर आल्यावर. दुसरी पाद्र्याची सून, ती बाळंतपणाला माहेरी. तेव्हा उरलेल्यांत म्हातारी कोण हे ठरवावं लागतं, नाहीतर गावात कोणी दारच उघडणार नाही. हे ठरवायचं काम आमच्या शेजारच्या ग्रोज्दाने अंगावर घेतलंय, कोणी दिलेलं नसताना. तिची स्वतःची सत्तरी केव्हाच उलटली आहे.

फेब्रुवारी सरता सरता ती कुंपणावरून ओणवी होऊन म्हणाली, "वेलिके, यंदापासून तू आत हं. बासष्ट म्हणजे काही कमी नाही."

मी म्हटलं, "गेल्या वर्षी एकसष्ट होते, तेव्हा चाललं की."

"गेल्या वर्षी तुला पहिल्या हाकेला ऐकू येत होतं."

ताई, मला लागलं ते. नवरा गेला तेव्हाही मला इतकं म्हातारं झाल्यासारखं वाटलं नव्हतं. त्यात पलीकडचा मेतोदी (मधमाश्या पाळतो तो विधुर, तू त्याला ओळखतेस) आपल्या फाटकाला खिळे ठोकत होता. गेली दोन वर्षं तो माझ्या टोमॅटोंची चौकशी करायला थांबतो, अगदी भर हिवाळ्यातसुद्धा. ग्रोज्दाचं बोलणं झालं आणि खिळे ठोकायचा आवाज बंद पडला. म्हणजे त्याने सगळं ऐकलं.

एक तारखेला मी बाहेर गेले, पण हट्टाने गेले असं समजू नकोस. कोंबडी ओरडली म्हणून गेले. (कोंबडी बघायला जाताना मी केस विंचरले होते आणि कानात आईची कर्णफुलं होती, हे लोक उगाच धरून बसलेत.) मेतोदी आपल्या फाटकाशी होता; त्याने पुढे येऊन टोपी काढली आणि माझ्या मनगटाला मार्ताच्या नावाचा लाल-पांढरा दोरा बांधला. सकाळभर लख्ख ऊन होतं. दुपारी आभाळ भरलं, संध्याकाळी बर्फ सुरू झाला, आणि पुढे आठवडाभर पडतच राहिला. पावाची गाडी घाट चढेना. जर्दाळूचा मोहर काळा पडला. मार्ताने एप्रिलकडून दिवस उसने आणून एका आगाऊ म्हातारीला शेळ्यांसकट गोठवलं, ती जुनी गोष्ट ग्रोज्दाने दुकानात पुन्हा सांगितली. गोष्ट शेळ्यांपर्यंत आली तशी सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. सरपंच भला माणूस, तो एवढंच म्हणाला, "वेलिकाकाकू, पुढच्या वर्षी कोंबडीला आदल्या दिवशीच बघून ठेवा."

मेतोदीच्या माश्याही त्या सकाळच्या उन्हाला भुलून बाहेर पडल्या आणि त्याच्या दोन पेट्या रिकाम्या झाल्या. तरी त्याने फावडं घेऊन आपल्या फाटकापासून माझ्या दारापर्यंतची वाट तेवढी साफ केली. सबंध गावात मोकळी वाट ती एकच, तेव्हा बोभाटा किती झाला असेल ते तूच समज. दारात बूट झटकत त्याने सरळ लग्नाचं विचारलं.

मी म्हटलं, "गावाने मला म्हाताऱ्यांत काढलंय. तुझ्या माश्याही माझ्यामुळेच मेल्या म्हणतात."

"पेट्यांची दारं मी उघडली होती, तू नाही," तो म्हणाला. "आणि शरदात एकदा थंडी पडून गेल्यावर चार दिवस ऊब येते, त्याला आपण गरिबाचा उन्हाळा म्हणतो ना? तेवढा मिळाला तरी मला पुष्कळ आहे."

मला रडू आलं. ते दिसू नये म्हणून मी त्याला घेवड्याचं सूप वाढलं आणि करकोचा दिसेपर्यंत थांब म्हणून सांगितलं. मनगटाचा दोराही तोवर सोडायचा नसतो, मग उत्तराची घाई कशाला? बाकी सगळं ठीक. थोरामोठ्यांना नमस्कार, नातवंडांना पापा.

तुझी,
वेलिका

ता. क. करकोचा परवा आला, शाळेच्या धुराड्यावर बसलाय. लग्न ईस्टरनंतरच्या रविवारी. आमची कुमा म्हणून साक्षीला तूच उभी राहा. खुर्चीचं मी पाद्र्याशी बोलले आहे.

ता. क. २. कोंबडी ओरडली नव्हती.

ता. क. ३. हे मी मेतोदीलाही सांगितलेलं नाही. त्या पहाटे मी दार उघडलं, तर गोठलेल्या दवावर आधीच पावलं उमटली होती, ग्रोज्दाच्या पायरीपासून तिच्या अक्रोडापर्यंत. झाडाखाली ती स्वतः उभी होती, डोक्याला तिच्या लग्नातला रुमाल. मला पाहून लगबगीने आत गेली. तेव्हा बर्फ कोणामुळे पडला, ते तूच ठरव. दुकानात सगळे माझ्याकडे बघत होते, तेव्हा ती एकटी पिठाच्या पोत्याकडे बघत होती. लग्नात मी तिला तरुण बायकांच्या टेबलावर बसवणार आहे. ती नाही म्हणेल, आणि माझं तर ती ऐकणारच नाही. तू तिच्याहून मोठी, तेव्हा तूच तिचा हात धर आणि चारचौघांत म्हण, "बस गं पोरी."