तुझी बोलकी अळंबी उपटून ने

चि. हर्षद यास,

बाळाजीचा आशीर्वाद. (थोरल्याने धाकट्याला आशीर्वाद लिहायचा असतो म्हणून लिहिला. मनात जे आहे ते कागदाला सोसणार नाही.) तुझी प्रकृती उत्तम असेलच, दुसऱ्यांची बिघडवणाऱ्यांची असतेच. तुझी ताई ठीक आहे. म्हणजे माझ्याशी बोलत नाही, पण भांडी जोरात आपटते आहे, त्यावरून तिच्या अंगात ताकद आहे असं समजतो. फोन सोडून पोस्टाने पत्र कशाला, असं तुला वाटेल. फोनसाठी कातळावर चढलो असतो तर मजकूर तुझ्याआधी तिथे जमलेल्या सगळ्या वाडीने ऐकला असता.

गेल्या पावसाच्या तोंडावर तू पनवेलहून कंपनीच्या गोण्या घेऊन आलास आणि म्हणालास, भावजी, आता मोबाइलच्या रेंजसाठी कातळावर चढायला नको. जमिनीत अळंबी पेरायची, तिला लोखंडाचा कीस चारायचा, तिचे पांढरे धागे मातीतून घरोघरी जाणार. लोहचुंबकाची डबी भुईला टेकवून बोललं की आवाज धाग्यांतून ज्याच्या त्याच्या डबीत. ज्याच्या त्याच्या! हा शब्द तुझा आहे, माझा नव्हे. मी तेव्हाच विचारलं होतं की अळंबीला कुणाचं घर कुठलं ते कसं कळणार (इथे माणसांना आपला बांध कळत नाही), तर तू नुसता हसलास आणि ताईच्या हातची घावनं खात राहिलास. सुरुवातीला मजा होती, नाही म्हणत नाही. तुझी ताई चुलीपुढे बसून खालच्या वाडीतल्या ठमीशी बोलायची आणि मी करपलेला भात खायचो. पण जिवंत वस्तू ती, तारेसारखी एका जागी थोडीच राहणार? गोठ्यामागून निघाली ती अंगणातल्या फणसात शिरली. आणि आम्हाला पत्ता नाही.

मागच्या रविवारी आपल्या नेत्राला बघायला बोर्ली पंचतनहून मंडळी आली. मुलगा परेश आणि त्याचे आईवडील. उकाडा मरणाचा, म्हणून खुर्च्या फणसाखाली टाकल्या. परेशच्या आईने आपली पर्स खोडाला टेकवून ठेवली. (त्या पर्सचं तोंड लोहचुंबकाच्या बटणाने बंद होतं. हल्ली पर्सलाही चुंबक लागतं, हे मला काय ठाऊक?) चहाला दूध कमी पडलं. गोठा आहे, पण गाय आटलेली. म्हणून मी गोठ्यामागे जाऊन डबी भुईला टेकवली आणि नामाला दूध आणायला सांगितलं. नामा माझा लहानपणापासूनचा दोस्त, त्याने विचारलं, पाव्हणे कसे हायत? मी खरं ते सांगितलं. मुलगा सोन्यासारखा. बाप गरीब, त्याला घरात बोलायची पाळीच येत नसावी. पण आई हसली की दिघीच्या धक्क्यावरून भोंगा वाजवत फेरीबोट सुटल्यासारखं वाटतं, आणि पोह्यांच्या तीन बशा संपवून बाई चौथीकडे बघत्येय.

हे सगळं, हर्षद, त्या पर्सने माझ्याच आवाजात, एकही शब्द न गाळता, पाहुण्यांना ऐकवलं.

मी हसतमुखाने अंगणात आलो तर सगळे उभे. "बाळाजीराव," परेशची आई पर्स काखेला मारत म्हणाली, "आमची फेरीबोट सुटली. येतो." आणि गेले. मागोमाग नामा दुधाची बरणी घेऊन हजर, की चहा झाला का म्हणून!

मी कुदळ उचलली. ही अवदसा मुळासकट खणून काढतो म्हटलं. दर घावाला तुझं नाव घेत होतो. (सोबत जे शब्द होते ते इथे लिहीत नाही, आमचा पोस्टमन सज्जन आहे.) तेवढ्यात नामा पुन्हा धापा टाकत आला. "अरं हळू! माझ्या लोखंडी पिंपातून येतंय सगळं. सून जेवायला बसलीय!" (म्हणजे आता डबीही नको, कुदळीचं लोखंड पुरतं.) तेव्हापासून वाडीत घराघरात खाणाखुणा चालल्या आहेत. कुणाला कुणाबद्दल काही बोलायचं असलं की तो कातळावर चढतो, कारण कातळात अळंबी रुजत नाही. पूर्वी रेंजसाठी एखाददुसरा चढायचा. काल तिथे उभं राहायला जागा नव्हती.

पण खरा राग ह्याचा नाही. संध्याकाळी नेत्रा ओटीवर माझ्याशेजारी येऊन बसली. मला वाटलं, हसेल. ती म्हणाली, "बाबा, मला तो आवडला होता." एवढंच. ओरडली असती तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी एस.टी.ने बोर्ली गाठली. परेशच्या आईने दार उघडलं. मी उंबऱ्याबाहेर हात जोडून उभा.

"हसण्याचं सोडा," ती म्हणाली, "ते म्हायेरापासून ऐकत आल्येय. पण मी पोहे दोन बशा खाल्ले. तिसरी ह्यांची!"

आणि आतून त्या गरीब माणसाचा आवाज मी पहिल्यांदा ऐकला. "व्हय, माझीच."

तिने अट घातली. जिथे बोललो तिथेच उभं राहून चूक दुरुस्त करायची, आणि ती स्वतः ऐकायला येणार. आली. पर्स खोडाला लावून फणसाखाली बसली. आणि मी, ह्या गावचा माजी उपसरपंच, गोठ्यामागे ओणवा होऊन भुईला सांगितलं की वहिनींनी दोनच बशा खाल्ल्या. त्यावर ती अशी हसली की आमची गाय दावं तोडून पळाली. अजून सापडायची आहे.

तेव्हा नीट वाच. ह्या महिन्यात येऊन तुझी अळंबी धाग्याधाग्याने वेचून ने. नाही नेलीस तर मी ती खणून, गोणीत भरून, पनवेलला तुझ्या कंपनीच्या साहेबाच्या टेबलावर ओतीन, आणि पुढे ह्या घरात तुला घावन काय, पाण्याचा तांब्याही मिळणार नाही.

तुझा (नाइलाजाने) भावजी,
बाळाजी

ता. क. लग्न ठरलं. मार्गशीर्षात. मामा म्हणून नेत्राच्या पाठीशी तुलाच उभं राहायचं आहे, म्हणून तेवढा दिवस राग मांडवाबाहेर ठेवीन.

ता. क. आणखी एक. अळंबी काढायचं इतक्यात राहू दे. उलट येताना गोण्या जास्तच आण. इथून बोर्लीपर्यंत धागे पोचायला किती पावसाळे लागतील ते साहेबाला विचारून ठेव. मधला कातळ वळसा घालून टाळता येईल. परेशच्या घरामागे, स्वयंपाकघराच्या खिडकीला लागून, एक रायवळ आंबा आहे. मी पाहून आलोय. तिकडे फोन लागतो, नाही असं नाही. पण फोनवर पोरी "बरी हाय" एवढंच सांगतात.