दिलगीर आहोत

९ जानेवारी १९५६
टेलिव्हिजनवर दोनदा दर्शन दिलं. चित्र मधेच गेलं की पडद्यावर येऊन "व्यत्ययाबद्दल दिलगीर आहोत" म्हणणारा अख्ख्या मिलानमध्ये मीच, एर्मेते बोत्सोली. डायरेक्टर म्हणतात, काम छोटं आहे. असेल. पण त्या वेळी सगळा देश माझ्याकडेच बघतो. बघायला दुसरं असतंच काय? संकल्प: उजवी भुवई जरा वर.

१८ जानेवारी
ट्रॅममध्ये एका बाईनं ओळखलं. नवऱ्याला कोपरानं ढोसलं. तो म्हणाला, हा चढलाय म्हणजे आता ट्रॅम बंद पडणार. लोकप्रियता म्हणतात ती हीच.

२ फेब्रुवारी, गुरुवार
ठरलं. अर्जियाला मागणी घालायची. कोपऱ्यावरच्या बारची मालकीण. विधवा, करारी, हसली की छान दिसते. गल्लीत टीव्ही फक्त तिच्याकडे. गुरुवारी प्रश्नमंजुषेला लोक घरून खुर्च्या घेऊन येतात म्हणे. मी त्या वेळी ड्यूटीवर, त्यामुळे पाहिलेलं नाही.
मात्र दिलगिरीवर संसार होत नाही. डायरेक्टरना सांगितलं, प्रश्नमंजुषा मला द्या. ते "बघू" म्हणाले. म्हणजे होच.

१० फेब्रुवारी
काल चित्र गेलं, मी आलो. आज सकाळी कॉफी देताना अर्जिया आपणहून म्हणाली, पडद्यावर आणखी थोडं थांबत जा ना. प्रेमात पडलेली बाई याहून स्पष्ट काय बोलणार! दिवसभर पाय जमिनीवर नाहीत.

१७ फेब्रुवारी
काल शब्द सावकाश उच्चारले. मधे एक अर्थपूर्ण स्मितही. डायरेक्टर भडकले. चित्र केव्हाच दुरुस्त झालं होतं आणि मी अजून दिलगीरच होतो, असं त्यांचं म्हणणं. मत्सर, दुसरं काय.

१ मार्च, सकाळ
माझ्या जागी आता पडद्यावर "दिलगीर आहोत" लिहिलेली पाटी लावणार, मागे हार्पचं संगीत. मला मोकळं केलं. प्रश्नमंजुषेसाठीच असणार. कारण विचारलं नाही, उगाच त्यांना अवघडल्यासारखं व्हायचं. आज बारमध्ये जाऊन मागणी घालणार. निळा टाय.

त्याच दिवशी, नंतर
बार खच्चून भरलेला. प्रश्नमंजुषा सुरू, सगळे दगडासारखे बसलेले. एक कॉफी घेऊन माणूस अख्खी संध्याकाळ काढतो. काउंटरवर अर्जिया हातावर हात ठेवून उभी.
चित्र गेलं. पाटी आली. सगळा बार एकदम उठला. कुणाला कॉफी, कुणाला वाइन, उरलेल्यांची मोरीकडे धाव. अर्जियाला श्वास घ्यायला फुरसत नाही. चेहरा फुललेला.
तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. तरी आलोच होतो, म्हणून मागणी घातली.
ती ग्लास भरता भरता म्हणाली, "सिन्योर बोत्सोली, माणूस तुम्ही भले आहात. पण खरं सांगू? पाटी तुमच्यापेक्षा जास्त वेळ थांबते."
यावर मी काहीतरी चांगलं बोलणार होतो. तेवढ्यात चित्र परत आलं, लोक पटापट जागेवर बसले. मी मधेच उभा.
मागून एक म्हातारा खेकसला, "ओ, खाली बसा की. टीव्ही दिसत नाही."
बसलो.