सातवा रुमाल

सोमवार, ता. १६ नोव्हेंबर १९३१. मांडवी, रत्नागिरी.

गुणवंते, आधी तुझ्या भावाला सगळ्यांची खुशाली कळव. तुझा उजवा गुडघा कसा आहे? तेल चोळतेस, की बाटली नुसती उशाशी ठेवतेस? तुझ्या नवऱ्याचा, रावजींचा, खोकला थांबला का, की विडी ओढून वर पुन्हा हवेलाच बोल लावतात? माझ्या सुनेचे, विमलेचे, पाय सुजतात का? तिला सातवा लागलाय. घागर उचलू देऊ नकोस, सासऱ्याने बजावलंय म्हणून सांग. तांबू गाय व्यायली का? आणि आनंदाचं काही कळलं का? भाऊबीज उरकून पोरगा मचव्यावर चढला, मंगळूरची कौलं आणायला. चौकशी केल्याने वारा बदलत नाही हे मलाही कळतं, पण बापाला दुसरा उद्योग काय?

मी इथे सुखरूप पोचलो. पत्र लिहायचं म्हटलं की माझं लांबतं, म्हणून ही वहीच घातली आहे. भरली की पूर्णगडच्या होडीबरोबर तुला पाठवीन. वर्तमानपत्राच्या चिठोऱ्यांवरून अक्षरं शिकलेला मी, आणि माझ्याकडून शिकलेली तू. आपलं लिहिणं आपल्यालाच लागायचं.

बंगला चिऱ्याचा, कौलारू, समुद्राकडे तोंड करून. मालकीण बाईसाहेब विधवा आहेत, साठीच्या. मुंबईच्या क्लबात मी एकतीस वर्षं टेबलं मांडली हे ऐकून खूश झाल्या. काम एकच: दर रविवारी दुपारी सहा पाहुण्यांचं टेबल मांडायचं, रुमालांच्या शोभिवंत घड्यांसकट. आनंदा म्हणाला होता, बाबा, आता बसून खा. पण बसून खाल्लेलं अंगी लागत नाही आमच्या.

गुरुवार, ता. १९.

आज रुमालांना खळ केली. भाताची पेज दोनदा गाळली, निळीचा एक थेंब, रुमाल अर्धवट वाळले की खाली उतरवायचे आणि करवंटीच्या निखाऱ्यांची इस्त्री. मग कापड कागदासारखं उभं राहतं. कमळ केलं, पंखा केला, पाद्र्याची टोपी केली. स्वयंपाकीण हौसा दारात उभी राहून बघत होती. म्हणाली, म्हाताऱ्या, तोंड पुसायच्या फडक्याला एवढा साज, मग जेवणाऱ्याला काय पालखीतून आणतोस? जीभ तिखट आहे, पण मला भाकरी मात्र तव्यावरची गरम देते.

तिला मी क्लबातली खूण सांगितली. जेवून उठताना रुमाल चुरगळून टाकला, तर तो पाहुणा निघाला असं समजायचं. पुन्हा घडी घालून ठेवला, तर पुढच्या जेवणाला येणार. हौसा यावर हसली नाही. कढईकडे वळली.

शेवटी होडी घडवली, शिडाची. आनंदा सहा वर्षांचा असताना त्याला पंच्यावर शिकवली होती, आठवतं? मी शिडाचं टोक उजवीकडे खोचतो. तो डावखुरा, डावीकडे खोचायचा. मी सोडायचो आणि तो पुन्हा डावीकडेच खोचायचा. ती घडी जगात आम्हा दोघांनाच येते. पाय दुखतात. निजतो.

रविवार, ता. २२.

सहा जागा मांडल्या. बाईसाहेबांनी दोनदा बजावलं, सहाच, कमी नाही, जास्त नाही. सुरमईचं सार, वडे, भात, सगळं आत ठेवलं. एक वाजता त्या एकट्या आत गेल्या आणि दार लावून घेतलं. तीनला बाहेर आल्या, तोंडावर समाधान. पाहुणे कुठल्या वाटेने आले नि गेले, मला दिसलं नाही. समोरच्या पडवीत मी डुलक्या घेत होतो, त्यामुळे नजरेतून सुटलं असेल.

जेवण जसंच्या तसं. रुमाल मात्र सहाही उलगडून पुन्हा घातलेले, ज्याची त्याची घडी. कडा ओल्या आणि वाळत आलेल्या जागी पांढरा खार. माझी खळ पार उतरलेली. मनात म्हटलं, बाईंनीच घातले असतील, समुद्राची हवा आहे.

मंगळवार, ता. २४.

हौसाला म्हटलं, बाई घड्या चांगल्या घालतात. ती म्हणाली, कसल्या घालतात? संधिवाताने बोटं वाकलीत, चोळीची गाठ मी बांधते त्यांची.

मग भाजी निवडत तिने सगळं सांगितलं. अकरा वर्षांपूर्वी साहेब आणि त्यांचे पाच मित्र रविवारी सकाळी होडीने पूर्णगडचा किल्ला बघायला गेले. एक वाजता जेवायला येणार होते. बाईंनी उत्साहाने आधीच टेबल मांडून ठेवलं, सहा जागा. एकही माणूस परतला नाही, देहही लागले नाहीत. तेव्हापासून दर रविवारी टेबल मांडतात. मी विचारलं, मग रुमाल? हौसा म्हणाली, भाजी निवड.

मला भीती वाटली असं नाही. दया आली. एकटं माणूस काय काय जपतं. आणि झोप येत होती.

रविवार, ता. २९.

आज आनंदाला पंचविसावं लागलं. तू खीर केली असशील. मलाही काहीतरी करावंसं वाटलं.

सहा जागा झाल्यावर एक खुर्ची उरते, दाराजवळची. तिथे बशी ठेवली आणि तीवर रुमालाची होडी, शीड उजवीकडे खोचून. म्हटलं, क्षणभर बघायची नि उचलायची. तुला आठवेल, आई कधी दर्यावरच्या माणसाचं पान मांडू द्यायची नाही. पाय वाळूला लागेपर्यंत त्याचं पान नाही. एकदा तिनेच चुकून बाबांचं पान मांडलं. मांडलेलं पान रिकामं उचलायचं नाही, मांडणाऱ्यानेच त्यावर जेवायचं, म्हणून तिने दोन पानांचा भात रेटला. आपण दोघं खोखो हसत होतो, ती घास गिळत होती. मला वाटलं, ते केळीच्या पानाचं. ही चिनी मातीची बशी, याला कसला नियम?

तेवढ्यात बाईसाहेब आल्या. उचलायला वेळ मिळाला नाही. त्यांनी ती जागा पाहिली असावी, बोलल्या काही नाहीत. दार लागलं.

त्याच दिवशी, दिवेलागणीला.

तीनला आत गेलो. सहा रुमाल घडी घातलेले, ओले. सातवाही ओला. सातव्याची होडीच केलेली, गुणवंते. शीड डावीकडे खोचलेलं.

हे पान विमलेला वाचून दाखवू नकोस.

गुरुवार, ता. ३ डिसेंबर.

परवाच तुला कार्ड टाकलं. नुसतं एवढंच विचारलंय, मचवा लागला का. उत्तर नाही.

मांडवीच्या धक्क्यावर जाऊन आलो. एक तांडेल म्हणाला, कारवारपलीकडे वादळ होतं, तीन मचवे आडोशाला थांबले, चौथ्याचं माहीत नाही. चौथ्यावर कोण, विचारायचं धाडस झालं नाही. परत येताना तीनदा बसलो. एवढीशी चढण.

संध्याकाळी बाईसाहेबांनी बोलावलं. रागावल्या नाहीत. म्हणाल्या, सखाराम, तो तरुण कोण तुझा? मग स्वतःच म्हणाल्या, डावखुरा आहे, लाजरा. जेवत नाही, सारखा दाराकडे बघतो. आमच्या साहेबांना आवडला.

मी धोतराला हात पुसत राहिलो. हात कोरडे होते.

रविवार, ता. ६.

आज सहाच मांडल्या. सातवी खुर्ची उचलून स्वयंपाकघरात आणली, हौसाला तिच्यावर बसवलं. ती बिचारी दोन तास बसली.

तीनला दार उघडलं. खुर्च्या सहा. रुमाल सात. सातवा जमिनीवर, दाराजवळ, होडीची घडी. भोवती पाणी.

तो उभा होता. दोन तास. माझ्या पोराला मी जेवायला बोलावलं आणि खुर्ची काढून घेतली.

बुधवार, ता. ९.

पत्र नाही. सातवा रुमाल जाळायला गेलो. पेटत नाही, ओला. उन्हात घातला. वाळत नाही.

हौसा म्हणाली, पळून जा, म्हाताऱ्या. मी म्हटलं, माझं पळून काय? पान तर मांडलेलं राहिलं.

ते बोललो आणि आई आठवली. दोन पानांचा भात—

शनिवार, ता. १२.

बाईसाहेबांना विचारलं, उद्या मी आत बसू का. आनंदाच्या जागेवर जेवतो, म्हणजे ती जागा रिकामी होईल. त्या म्हणाल्या, मला हे कोणी सांगितलंच नाही रे. सहा पानांचं मी एकटीने कसं खाल्लं असतं?

मग म्हणाल्या, बस. पण उठताना रुमाल चुरगळून टाक. घडी घालू नकोस. तुझी क्लबातली खूण हौसाने सांगितली मला, एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या रुमालात वाचलीस ती स्वतः विसरू नकोस.

विसरत नाही. चुरगळायचा, उठायचं, दार उघडायचं. एवढंच. मग दोन दिवस झोपेन.

रविवार, ता. १३. टेबलावरून.

वही मांडीवर आहे. पेन्सिलीने लिहितो. ही वही हौसा होडीवर देईल, तिला सांगून ठेवलंय.

सातवी खुर्ची दाराजवळ परत आणून ठेवली, ती बसायच्या आधीच ओली होती. बसलो. बाईसाहेब समोर, खिडकीपाशी, डोळे मिटून. बाकी खुर्च्यांकडे बघत नाही. पाणी ठिबकतंय. कोणीतरी माझ्यासाठी सरकून जागा केली, एवढं कळलं.

होडी उलगडली. आत वाळू.

घास घेतला. भात गार, खारट. दुसरा. आई कशी गिळत होती ते आता—

सगळं संपवलं. बशी पुसून खाल्ली.

खांद्यावरून काहीतरी उठलं. हलकं झालं. जमिनीवर ओली पावलं, एकाच माणसाची, दाराकडे. दार बंद होतं तरी पलीकडे गेली. कडेची पावलं वाळताहेत. गुणवंते, वाळताहेत.

आनंदा वाळूवर उतरला का, एवढंच लिही. लगेच लिही. विमलेला सांग, मी सांगितलंय, तो येईल, भात चढवून ठेव पण पान मांडू नकोस.

आता उठतो. रुमाल चुरगळून—

लिहिता लिहिता डावा हात बशीपाशी होता. थकलाय बिचारा, त्याला जी सवय तेच करतो. एकतीस वर्षं. दुमड, वळव, खोच. बघितलं तेव्हा झालंही होतं. होडी. शीड उजवीकडे.

माझीच घडी. बरं झालं. त्याची नाही.

सोडवून बघतो, सुटत नाही. बाईसाहेब डोळे उघडून माझ्याकडे बघताहेत, आणि कोणीतरी हसून वाटी पुढे केली.

उत्तर लवकर धाड, गो. पत्ता हाच. पुढच्या रविवारी जेवायला मी इथेच—