विषाणू तिसऱ्या फळीपर्यंतच चढतो

२ जानेवारी
नवी डायरी, नवं पेन. संकल्प तीन. एक, सिगारेट कायमची बंद. दोन, रोज लिहायचं. तीन, या वर्षी योजनाप्रमुख व्हायचंच. अकरा वर्षं टोमॅटोच्या विषाणूंत घालवली. माझ्या मागून आलेले लोक आज केबिनमध्ये बसतात, मी अजून काचघरात घाम पुसतोय. साहेब म्हणाले, मेमध्ये बाहेरची समिती येतेय, त्यांना काहीतरी ठोस दाखवा, मग बघू. साहेबांचं ‘बघू’ म्हणजे होच.

३ जानेवारी, सकाळी ९
प्रयोग सुरू. काचघरात लोखंडी मांडणी, चार फळ्या, फळीवर चोवीस-चोवीस कुंड्या. सगळी रोपं ठणठणीत. दाराजवळच्या टेबलावर मुद्दाम ठेवलेली सहा आजारी रोपं, पानांवर पिवळे-हिरवे चट्टे. प्रश्न एकच, रोग टेबलावरून मांडणीवर जातो कसा? उत्तर मला माहीत आहे. मावा. हा टिचभर किडा एका झाडाचा रस पितो आणि तेच तोंड दुसऱ्याला लावतो. आता फक्त सिद्ध करायचं राहिलंय.
दुपारी एक सिगारेट. निरोपाची.

६ जानेवारी
नव्या सहकारी बाई रुजू झाल्या. येताना हातमोज्यांचा खोकाच घेऊन आल्या. मी उघड्या हातांनी रोपं हाताळतो हे पाहून त्यांचा चेहरा पाहण्यासारखा झाला. त्यांना समजावलं, झाडाची नाडी रबरातून लागत नाही. माझा शिरस्ता ठरलेला आहे. सकाळी आधी आजारी रोपांची विचारपूस, कारण गरज त्यांना जास्त. मग मांडणीवरच्या हाताशी येणाऱ्या एकेका रोपाचं शेंड्याचं पान चिमटीत धरून, जरा चोळून बघायचं. याला अनुभव म्हणतात. बाईंनी ते सगळं वहीत उतरवून घेतलं. शिकायची आवड आहे. मनातल्या मनात त्यांचं नाव मोजेबाई ठेवलं.

२० जानेवारी
लागण!! खालच्या फळीवर नऊ रोपांना चट्टे. मावा आला म्हणजे आलाच. भिंग घेऊन तासभर शोधला, एकही दिसला नाही. महाबिलंदर जात.

२४ जानेवारी
पिवळे चिकट सापळे टांगले. संध्याकाळपर्यंतचा हिशेब: मच्छर एक, माझा टाय एक.

२५ जानेवारी
सापळ्यात पुन्हा माझा टाय.

११ फेब्रुवारी, दुपारी १२
खालच्या तीन फळ्या साफ आजारी. बहात्तरपैकी सत्तर. आणि सगळ्यात वरच्या फळीवर एकही नाही! चोवीसच्या चोवीस रोपं हिरवीगार. म्हणजे मावा तिसऱ्या फळीच्या वर जात नाही. त्याला उंची सोसत नाही. हे आजवर जगात कुणाच्याही लक्षात आलेलं नाही. माळ्याला सांगितलं तर तो म्हणाला, असेल साहेब, आणि लांब नळीनं वरच्या फळीला पाणी घालत राहिला.
आनंदाच्या भरात दोन सिगारेटी. हा काही नेहमीचा दिवस नव्हे.

११ फेब्रुवारी, संध्याकाळी
घरी बायकोला सविस्तर सांगितलं. ती फडताळाच्या वरच्या फळीवरून डबा काढत होती. (ती माझ्यापेक्षा चार बोटं उंच आहे, त्यामुळे वरचे डबे तिच्या खात्यात.) तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, हा विषाणू आपल्या घरातलाच दिसतोय. म्हणजे काय, असं विचारलं तर पदर तोंडाला लावून आत गेली. विज्ञानाचा गंध नाही, दुसरं काय.

२६ फेब्रुवारी
समितीसाठी निबंधाला हात घातला. शीर्षक: ‘काचघरातील विषाणूप्रसाराची उंचीमर्यादा’. मर्यादा नेमकी मोजायला टेप घेतला. खालचं टोक मी धरलं, वरचं तिसऱ्या फळीवरच्या शेंड्यांपाशी माळ्याला धरायला लावलं, दोन्ही टोकांना माझे हात पुरत नव्हते. सहा फूट दोन इंच. या आकड्याला पुढेमागे माझं नाव पडेल. मी सुचवणार नाही, लोकांनी आपणहून दिलं तर नको म्हणणार नाही.

४ मार्च
मोजेबाईंनी शेजारच्या लहान खोलीत आपली चोवीस रोपं लावली आहेत. खोलीला कुलूप, किल्ली त्यांच्याकडे. मलाही प्रवेश नाही! साहेबांकडे तक्रार केली. साहेब म्हणाले, असू द्या हो. बाईंची रोपं निरोगी आहेत म्हणे. असतीलच, कोंडून घातल्यावर आजारी पडायलाही वाव लागतो.

९ मार्च
साहेबांना वरच्या फळीचे जवळून काढलेले फोटो हवेत. स्टूल मागवलं. उद्यापासून रोज सकाळी स्टुलावर चढून त्या चोवीस शूरवीरांची भेट घ्यायची. इतके दिवस बिचाऱ्यांकडे दुर्लक्षच झालं.

१० मार्च
प्रत्येकाच्या पानावरून हात फिरवला. मन भरून आलं. इतकी रोगराई भोवती असून ताठ उभी आहेत.

२५ मार्च, सकाळी १०
वरच्या फळीवर अकरा रोपांना चट्टे.

२५ मार्च, सकाळी ११
स्टुलावर बसलोय. सिगारेट ओढायचं ठरवलं नव्हतं, ती आपोआप पेटली.

२६ मार्च
रात्रभर झोप नाही, पण डोक्यात लख्ख प्रकाश पडला. हे अपयश नाहीच! विषाणूनं स्वतःत बदल केला. दोन महिने तिसऱ्या फळीवर अडला, मग शिकला आणि चढला. मी त्याची प्रगती डोळ्यांनी पाहिली. निबंधाचं नवं शीर्षक: ‘चढणारा विषाणू’. याच्यापुढे ती उंचीमर्यादा म्हणजे किरकोळ.

२ एप्रिल
मोजेबाईंनी माझ्याकडून एक सिगारेट मागून नेली. कधी ओढताना पाहिलं नव्हतं त्यांना. कामाचा ताण, दुसरं काय. वडीलकीच्या नात्यानं सांगितलं, या फंदात पडू नका, सुटत नाही. त्यांनी ती चिमटीनं उचलून काचेच्या बाटलीत ठेवली. जपून ओढणार असतील.

८ ते १६ एप्रिल
तापानं अंथरुणात. बायको म्हणते, हे दिवस झाडांनाही विश्रांती मिळेल. तिला झाडांची काळजी वाटायला लागली, हेही नसे थोडके.

५ मे
साहेबांनी निबंध वाचला. मग विचारलं, मोजेबाईंना दाखवलात का? मी म्हटलं, समितीबरोबर त्यांनाही ऐकता येईल की. साहेब म्हणाले, बघू.

१८ मे, सकाळी ७
आज समिती. निळा शर्ट, नवा टाय. केबिनमध्ये टेबल कुठल्या बाजूला ठेवायचं ते ठरवलं. खिडकीकडे पाठ नको.

१८ मे, दुपारी ४
लिहायलाच हवं, नाहीतर छाती फुटेल.
मी पंचवीस मिनिटं उत्तम बोललो. समितीत एक वयस्कर बाई होत्या, त्यांनी एकच प्रश्न विचारला. माझी उंची किती? मी सांगितली. मग म्हणाल्या, जरा मांडणीजवळ उभं राहून हात वर करता का? केला. बोटं तिसऱ्या फळीवरच्या रोपांच्या शेंड्यांना लागली आणि तिथेच थांबली. कुणीतरी टेप आणला. सहा फूट दोन इंच. दाराशी उभा असलेला माळी खोकायला लागला. तो खोकला नव्हता.
मग मोजेबाईंनी तक्ता लावला. मी ज्या फळीला हात लावायला लागलो, ती पंधरा दिवसांनी आजारी. मला ताप आला होता त्या दिवसांचा हिशेब लावला तर नवी लागण शून्य. स्टूल १० मार्चला आलं, वरची फळी २५ ला गेली. आणि माझ्या त्या सिगारेटीतली तंबाखू पाण्यात कालवून त्यांनी पाच रोपांना चोळली होती, पाचही आजारी. हा विषाणू माव्यानं पसरतच नाही म्हणे, हातांनी पसरतो. तंबाखूतही दडून बसतो. मोजेबाई एकदाही हसल्या नाहीत, उलट माझ्याकडे बघायचं टाळत होत्या. तेच जास्त लागलं. धरणीनं पोटात घेतलं असतं तर बरं झालं असतं. अकरा वर्षांत कितीदा लिहिलं मी, रोग अचानक उद्भवला. तो अचानक उद्भवायचा नाही, नऊ वाजता डबा घेऊन यायचा.

१९ मे
विचार केला. एवढ्यानं काही सिद्ध होत नाही. तक्ता कुणीही काढू शकतं. शिवाय मावा नाही असं मावा न सापडल्यामुळे कसं म्हणता येईल?

१ जून
योजनाप्रमुख मोजेबाई. केबिनमध्ये टेबल खिडकीकडे पाठ करून ठेवलंय. मला काचघरात पाऊल टाकायला बंदी, काचेबाहेरून बघायला हरकत नाही. साहेबांनी खांद्यावर हात ठेवला (आणि मग तो हात रुमालाला पुसला), म्हणाले, तुम्हाला योजनेतून काढणार नाही, तुमची जागा दुसरं कुणी भरूच शकणार नाही. ऐकून जरा धीर आला.

४ जून
ती जागा कुठली ते आज कळलं. निष्कर्ष पक्का करायला मोजेबाई नवा प्रयोग करताहेत. तीन खोल्या. पहिलीत नुसती रोपं. दुसरीत रोपं आणि आजारी झाडावर पोसलेला पाचशे मावा. तिसरीत रोपं आणि मी. रोज सकाळी, उघड्या हातांनी, नेहमीसारखंच वागायचं. माझ्या पदाचं नाव ‘वाहक’. बायकोला सांगितलं तर तिनं विचारलं, तिकिटं फाडायला कधीपासून जायचं? मग तिनं माझं तोंड बघितलं. हात धुवायला साबण पुढे केला, शेजारी उभी राहिली.

२८ जून, दुपारी ३
निकाल. पहिली खोली, शून्य. दुसरी खोली, पाचशे मावा, शून्य. तिसरी खोली, चोवीसपैकी चोवीस.
समितीच्या त्या वयस्कर बाईंचा फोन आला, इतका स्वच्छ निकाल वर्षानुवर्षांत पाहिला नाही म्हणाल्या. पैकीच्या पैकी! शाळेत मला चित्रकलेतसुद्धा कधी पडले नव्हते. मोजेबाईंनी तक्त्यावर सही मागितली. मी ‘संशोधक’ या रकान्यात करायला गेलो. त्यांनी कागद जरासा वर सरकवला. खालच्या, ‘वाहक’ या रकान्यात केली.