गोंदियाचे अकरा महिने

सुरत, ४ फेब्रुवारी १९८५

चंद्रकांतावहिनीस हिरालालचा सप्रेम जयभीम वि. वि.

मी खुशाल आहो. दादाची, बाबाची तब्येत कळवत जा.

वकीलसाहेबाचं कार्ड आलं. युनियनची पावती फाडली म्हणून शेठनं मले राईस मिलमधून काढलं, ते कोर्टानं चूक ठरवलं. नोकरी परत. मधल्या दोन वर्षांचा मागचा पगार किती, ते सहा मार्चले ठरणार. वाचून हसलो, मग डोस्कं फिरलं. ज्या दिवशी मी एक पोतं उचललं नाही, त्या दिवसाचे पैसे शेठ काहून देईल? वकील लिहितात, त्याच्यापायी तू रिकामा बसला म्हणून. पण दुसरीकडं कमावलं असेल तर तितकं कापतील. म्हणजे बसला त्याले पगार अन् राबला त्याले कपात? तुम्ही सातवी शिकल्या, मी चौथीवाला. समजलं तर लिहा.

माया असू द्या.
तुमचा हिरालाल

अड्याळ, १५ फेब्रुवारी १९८५

हिरालालभाऊजींना चंद्रकांतेचा मनापासून जयभीम.

अक्षर अजूनही कोंबडीच्या पायाचंच आहे, पण लागलं.

कपातीचं मलेही उमजलं नाही. वरून इकडं एक झालं, रागावू नका. बाजाराच्या दिवशी शेठचा मुनीम देवाजी घरी आला. मामाजींजवळ बसून हळहळला, की तुमचा पोरगा बिचारा दोन वर्षं रिकामाच फिरला असेल. मामाजींले ते लागलं. पेटीतल्या तुमच्या मनिऑर्डरच्या चिठ्ठ्या काढून पुढं मांडल्या. म्हणाले, "माहा पोरगा एक दिवस रिकामा बसला नाही. सुरतेच्या आधी अकरा महिने गोंदियाले रेल्वेच्या मालधक्क्यावर होता." देवाजीनं सारं उतरवलं अन् त्यावर अंगठा घेऊन गेला. मी तळ्यावर धुणं घेऊन गेली होती. आता मामाजी गावभर सांगून राहिले, की कोर्टातही हेच सांगीन. वकील म्हणतात, मग साऱ्याच महिन्यांची कपात.

जेवणाची हयगय करू नका. तिकडून लोभ येत राहू द्या.
चंद्रकांता

सुरत, २४ फेब्रुवारी १९८५

वहिनीस सप्रेम जयभीम.

पत्र वाचून दोन दिवस कामाचा खाडा केला. बाबाचा राग नाही. सुरतेचं ते खरंच बोलले, ते कापा म्हणा. गोंदियाचं खोटं आहे, अन् ते मीच बाबाले सांगितलं होतं.

मालधक्क्यावर रोज सकाळी उभा राहायचो. मुकादम विचारे, आधी कुठं होता. राईस मिलचं नाव ऐकलं की मागच्याले बोलवे. अकरा महिन्यांत चार दिवसांचीही हजेरी नाही. विहारातल्या लोकांनी जेवू घातलं म्हणून निभलं. सायकल चोरीले गेली म्हटलं होतं ना, ती मी विकली. चौदा एप्रिलले बाबाच्या हातावर पहिला पगार म्हणून ठेवले ते पैसे सायकलीचे. बाबानं त्याचे पेढे वाटले.

आता त्या अकरा महिन्यांचा पगार पाहिजे तर जजसाहेबासमोर म्हणावं लागेल, मी रिकामा होतो. अन् समोरच्या बाकावर बाबा. बोललो तर बाबाची मान जाते, न बोललो तर शेठ फुकटात सुटते. सारी जिंदगी रिकामा बसू नको हेच ऐकलं, अन् कोर्टाले रिकामाच माणूस पाहिजे. माह्या डोक्यात हे बसूनच नाही राहिलं.

तरी मी बोलणार आहो. पण कोर्टात ऐकण्याआधी बाबानं माह्या तोंडून ऐकावं. चार तारखेले घरी पोचतो. मी सांगतो तेव्हा तुम्ही घरातच राहा. बाबा उठून बाहेर गेले तर त्यांच्या मागं जा, मले राहू द्या.

तोवर त्यांना यातलं काही वाचून दाखवू नका. माया कमी करू नका.
हिरालाल