उजवीकडे आपलं घर

नागोया, २४ एप्रिल

प्रिय आईस, चिझुरूचा वाकून नमस्कार.

माझी काळजी करू नकोस. जेवण वेळेवर होतं. दिवसभर बसमध्ये बोलून घसा बसतो, तो तू पाठवलेल्या मधानं मोकळा होतो. तुझा खोकला कसा आहे?

मंगळवारी आमची सहलीची बस आपल्या गावातून गेली. "उजवीकडे पाहा, गवती छपरांची घरं," असं गाइड म्हणून मीच सांगत होते, आणि उजवीकडे आपलंच घर. सगळी आळी छपरावर चढून गवत बांधत होती, मधोमध बाबा. तसल्या गुडघ्यानं वर चढायला त्यांना कुणी सांगितलं होतं?

प्रवाशांनी हात हलवले. बाबांनी मान वर केली नाही. परक्यांपुढे गाणी म्हणायची कसली नोकरी, म्हणून दोन वर्षं माझ्याशी बोलले नाहीत, ते काय बघणार. नेमकी प्रवाशांना गाणं म्हणून दाखवायची वेळ झाली आणि मला आठवलं ते त्यांचंच, गवत बांधताना ते म्हणतात ते. तेच म्हटलं. खिडक्या उघड्या होत्या.

वळण गेल्यावर मागच्या सीटवरच्या आजी म्हणाल्या, "अगं, तो छपरावरचा म्हातारा डोक्याचा पंचा काढून उभा होता. बस दिसेनाशी होईपर्यंत. इथली माणसं रीतीची हो."

मी म्हटलं, "हो, आहेत."

मी लिहिलंय असं बाबांना सांगू नकोस. पण काम संपलं की अंगणातच उभे राहा म्हणावं, गुडघ्याला बरं. बस दर मंगळवारी सव्वाअकराला येते.

तुझी,
चिझुरू