मास्तरांची जास्तीची तीन वर्षं

लातूर,
३ ऑक्टोबर १९८२

आदरणीय अक्का,

सविनय जयभीम.

इकडे सगळे बरे आहोत. पाऊस यंदाही पाठ फिरवून गेला, पण लातूरकर अजून नव्या जिल्ह्याच्या गुलालात आहेत. ऑगस्टात जिल्हा झाला आणि जो तो पाट्या रंगवायच्या मागे लागला. आमच्या गल्लीतल्या सलूनवाल्यानेसुद्धा 'जि. उस्मानाबाद' खोडून 'जि. लातूर' करून घेतलं. नळाला पाणी मात्र चार दिवसांनीच येतं.

तुझे गुडघे कसे आहेत? किनवटची हवा मानवली का? नीलाच्या आश्रमशाळेत तू संध्याकाळी मुलींना गाणी शिकवतेस असं ऐकलं. कुठली शिकवतेस? चाल कोण लावतं? पेटी आहे का, की टाळ्यांवरच? रागावू नकोस, भोचकपणा हाच आता माझा धंदा झालाय.

नांदेडच्या दैनिकातली नोकरी सोडल्याचं तुला कळलं असेलच. आता मी गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांची चरित्रं लिहितो. आपल्या सटवाजी मास्तरांच्या चरित्रानंतर उदगीरच्या एका कव्वालाचं लिहिलं, मग एका बँडमास्तरचं. जत्रेत, जयंतीत, एसटी स्टँडवर खपतात. लोकांना कलावंताचं सगळं हवं असतं, तो काय खायचा, कुणावर चिडायचा, पहिली पेटी कुठून आणली. मलाही तेच हवं असतं. बँडमास्तरच्या बायकोला मी तीन दिवस त्याच्या खोकल्याबद्दल विचारत होतो. शेवटी ती म्हणाली, "तुमी पेपरवाले हाव का डागदर?"

बरं, कामाचं सांगतो. मास्तरांच्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघते आहे. गंजगोलाईतले गुरुपादप्पा छापणार आहेत, चौदा ऑक्टोबरला प्रकाशन. पण मध्येच देगलूरहून एक पत्र आलं. मलप्पा गुरुजी नावाचे कुणी आहेत, वय झालेलं, अक्षर मोत्यासारखं. ते लिहितात, "आपल्या ग्रंथात मास्तरांचे निधन १९७४ साली झाल्याचे म्हटले आहे. मी स्वतः १९७१ च्या श्रावणात मुखेडला त्यांच्या अंत्ययात्रेत होतो. मग ७३ सालच्या दुष्काळातले मिलोचे गाणे त्यांनी कोठून रचले, याचा खुलासा व्हावा."

पत्र वाचून आधी मला हसू आलं. मग मी ते गाणं काढून पुन्हा वाचलं.

मिलोची भाकर लाल गं बाई, तव्याला वळख लागंना
सटवाजी म्हणे ऐका गड्यांनो, दगड बोलतो, पोट बोलंना

अक्का, तू मास्तरांच्या गायन पार्टीत मागे बसून चौदा वर्षं कोरस धरलास. तूच सांग, दुष्काळात रेशनवर आलेली ती परदेशी लाल ज्वारी, मिलो, मास्तरांनी कधी खाल्ली होती? गायन पार्टीत शेवटच्या कडव्यात गुरूचं नाव घालायची रीत होती, चेल्यानं रचलं तरी नाव गुरूचंच. मग हे कुणी रचलं असेल? पार्टीतल्या कुणाला असं जुळवता यायचं? मास्तरांमागे अशी किती गाणी झाली असतील? तुला काही आठवतं का?

नीला, बाळ, आईला पत्र तूच वाचून दाखवत असशील. इथून पुढचं आधी तू मनात वाच. मग आईला सांगायचं का ते ठरव.

नको. मोठ्यानेच वाच, आणि काही गाळू नकोस. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं झालंय माझं, दीड पान नुसते प्रश्न विचारून राहिलोय आणि एकाचंही उत्तर मला नवीन नाही.

७३ च्या मार्चमध्ये मी पाझर तलावाच्या दुष्काळी कामाची बातमी करायला मुखेडला आलो होतो. बरोबर फोटोवाला होता. खडी फोडणाऱ्या बायकांच्या रांगेत तू होतीस. तोवर मला पत्ताच नव्हता की तू कामावर जातेस. तू गात होतीस आणि तुझ्या मागून बाकीच्या उचलत होत्या. तहसीलदारांची मुलाखत ज्या वहीत लिहिली होती, तिच्याच पाठीमागच्या पानावर मी ते गाणं उतरवून घेतलं. दुपारच्या सुट्टीत तुला विचारलं, "अक्का, मास्तर जाऊन दीड वर्ष झालं. त्यांचं नाव कशाला?"

तू कामावर खायला मिळालेल्या सुकडीचा घास पोरींना वाटत म्हणालीस, "आरं, मास्तरचं नाव घातलं की मास्तर ऐकतेत. त्येंला दुष्काळाची खबर कोन देनार? तुझा पेपर जातोय व्हय तिथं?"

असली अकरा गाणी होती. सगळी तू रचून सांगितलीस आणि मी लिहिली.

पेपरात ती मास्तरांच्या नावाने छापून आली, कारण शेवटच्या ओळीत त्यांचं नाव होतं आणि कचेरीतल्या माणसांना ही रीत ठाऊक नव्हती. मला ठाऊक होती, तरी मी गप्प राहिलो. लोकांची पत्रं आली, मास्तर कोण, कुठले, चरित्र लिहा. पुस्तक लिहायला बसलो तेव्हा ही अकराच गाणी सगळ्यांत गाजलेली, आणि मास्तर त्याआधी गेलेले. लक्ष्मीबाईंनी, मास्तरांच्या कारभारणीने, मला श्रावण ७१ ची खरी तारीख सांगितली होती. ती माझ्या वहीत आहे. पुस्तकात मी मास्तरांना ७४ पर्यंत जिवंत ठेवलं. एका जित्याजागत्या बातमीदाराने एका मेलेल्या माणसाला तीन वर्षं बसल्या जागी वाढवून दिली.

पुस्तकाच्या प्रकाशनाला तू मुखेडच्या शाळेत मागच्या रांगेत बसली होतीस. नीलाने तुला पानं वाचून दाखवली असणार. सगळे पांगल्यावर तू जवळ आलीस. मला वाटलं, आता पाठीवरून हात फिरवशील. तू म्हणालीस, "मास्तरला तीन वर्सं जास्त जगवलास, येंकट. मला कवा मारलास?" आणि निघून गेलीस. त्या दिवसापासून तू बोलली नाहीस आणि मीही पत्र टाकलं नाही. लोकांना मी सांगत आलो की बहिणीशी वाटणीवरून बिनसलंय. आपल्याकडे वाटायला काय होतं, अक्का?

सोबत दुसऱ्या आवृत्तीचं पहिलं पान जोडलंय. नीला, तेही वाच. त्यात तुझं पूर्ण नाव घालून लिहिलंय, 'सटवाजी मास्तर १९७१ साली वारले. त्यानंतरची अकरा गाणी सिंधु सोनकांबळे यांची आहेत. हे चरित्रकाराला सुरुवातीपासून माहीत होते.' गुरुपादप्पांनी शेवटचं वाक्य खोडलं. म्हणाले, "आपल्याच पुस्तकाला आपणच खोटं म्हणलात, तर घेणार कोण?" मी ते पुन्हा लिहिलं. गाण्यांतलं मास्तरांचं नाव तसंच राहील, ते तू घातलेलं आहे. तुझं नाव नको असेल तर तसं सांग, पण ती तारीख मात्र मी दुरुस्त करणारच.

येत्या रविवारी मुदखेडहून किनवटची गाडी धरून येतो. सोमवारी छपाई सुरू होईल. दार उघडलं नाहीस तरी शाळेच्या ओट्यावर बसेन आणि तू मुलींना शिकवतेस ते ऐकेन. काही विचारणार नाही.

एक उत्तर मात्र देणं आहे. तू विचारलं होतंस, कवा मारलास. ती तारीखही माझ्याकडे आहे. १९ मार्च १९७३, सोमवार, दुपार. नांदेडच्या कचेरीत फोटो धुऊन आले होते. तुझा फोटो टेबलावर वरच होता, डोक्याला फडकं बांधलेलं, हातात हातोडा. उपसंपादकाने विचारलं, "गाणं म्हणणारी हीच का? कोण ही?" इस्त्रीचा शर्ट घालून मी चार माणसांत उभा होतो. मला तुझी लाज वाटली, अक्का. मी म्हणालो, "कामावरची एक बाई."

त्या बाईचा सख्खा भाऊ,
व्यंकट